गेम काढला तरी फोन फुल्लच? राहिलेला डेटा मुळापासून असा काढा

आयकॉन दाबून धरला, अनइन्स्टॉल केलं, आयकॉन उडाला की बहुतेकांना वाटतं विषय संपला. मग चार दिवसांनी फोन परत बोंबलायला लागतो स्टोरेज फुल्ल स्टोरेज फुल्ल, पोरगं म्हणतंय मी तर गेम काढलाय, बाप म्हणतोय मग जागा गेली कुठं, आणि फोन घेऊन स्वारी कोल्हापुरात राजारामपुरीतल्या मोबाईलच्या दुकानात. तिथला पोरगा दोन मिनिटं बोटं फिरवणार आणि सरळ म्हणणार, काका रिसेट मारायला लागंल. रिसेटची काही गरज नसते हो. घरी बसून होण्यासारखं काम हाय, फक्त कुठलं आधी आणि कुठलं नंतर एवढं कळलं पाहिजे.

पहिली गोष्ट, गेमचा डेटा एका जागी नसतो. थोडा ॲपच्या खासगी जागेत, थोडा फोनच्या फोल्डरमध्ये, मेमरी कार्ड असलं तर त्याच्यात, थोडा गूगल नाहीतर ॲपलच्या क्लाउडवर, आणि खरं अकाउंट तर गेम कंपनीच्या सर्व्हरवर. अनइन्स्टॉल केल्यावर यातलं पहिलं जातं, फोल्डरातलं आणि कार्डावरचं बहुतेक वेळा जातं, बाकीचं जागचं हलत नाही. भाडेकरूनं खोली सोडली पण माळ्यावर सामान तसंच आणि लाईट बिल अजून त्याच्याच नावानं येतंय, तसला प्रकार. म्हणून माझं म्हणणं एकच, अनइन्स्टॉल सगळ्यात शेवटी. लोक नेमकं उलटं करतात, आधी गेम उडवतात आणि मग अकाउंट डिलीटचं बटण शोधत बसतात, जे बऱ्याचदा गेमच्या आतच असतंय.

आधी अकाउंटचा निकाल लावा

गेम उघडा, सेटिंग्जमध्ये जा. तिथं अकाउंट, प्रायव्हसी नाहीतर सपोर्ट असल्या नावाखाली डिलीट अकाउंट लपवून ठेवलेलं असतं, लपवून म्हणतो कारण कुठल्याच कंपनीला ते मोठ्या अक्षरात दाखवायची हौस नसते. पण द्यावं लागतं. ॲपलनं ३० जून २०२२ पासून नियमच केलाय की ज्या ॲपमध्ये अकाउंट उघडता येतं त्या ॲपमधूनच ते काढता पण आलं पाहिजे, आणि गूगलनं २०२३ मध्ये तसलाच नियम आणला, वर वेबवरून सुद्धा डिलीटची विनंती करता आली पाहिजे असं सांगितलं. त्यामुळं गेम आधीच उडवला असेल तरी प्ले स्टोअरवर त्या गेमच्या पानावर डेटा सेफ्टी म्हणून भाग असतो तो उघडून बघा, अकाउंट डिलीट करायची लिंक तिथं मिळू शकते.

आता यात एक गोम हाय. बऱ्याच गेममध्ये डिलीट दाबलं की लगेच जात नाही, काही दिवसांची मुदत असते, आणि त्या मुदतीत परत लॉगिन केलं की डिलीटची विनंती रद्द. पोरं बरोबर हेच करतात, एकदा बघू म्हणून उघडतात आणि सगळं जिथल्या तिथं. दहावीला आलंय म्हणून आईनं गेम काढायचा आणि पोरानं रात्री परत टाकून त्याच लेव्हलपासून खेळायचं, ह्यात जादू काही नाही, अकाउंट जिवंत होतं एवढंच.

गेस्ट म्हणून, म्हणजे लॉगिन न करता खेळत असाल तर उलटी गंमत. गेस्टची प्रोग्रेस बहुतेक करून त्या फोनलाच बांधलेली असते, डेटा उडवला की परत मिळंल याची खात्री नाही. पुढं कधी खेळायचं असेल, पैसे घालून स्किन बिन घेतल्या असतील, तर आधी ईमेलला जोडून घ्या आणि मगच पुढचं करा. कायमचंच सोडायचं असेल तर चालतंय की, उडवा.

अकाउंट गेलं की लॉगिनच्या कड्या तोडायच्या. गूगलनं लॉगिन केलं असेल तर गूगल अकाउंटच्या सेटिंग्जमध्ये थर्ड पार्टी ॲप्स आणि सर्व्हिसेसची यादी असते, तिथं गेमचं नाव शोधून कनेक्शन काढून टाका. फेसबुकनं केलं असेल तर फेसबुकच्या सेटिंग्जमध्ये ॲप्स अँड वेबसाइट्स. ही यादी एकदा उघडून बघाच, कुठल्या काळात कुठल्या टाइमपास गेमला परवानगी देऊन बसलोय ते बघून हसू येतंय.

पैशाचं बघितल्याशिवाय पुढं जाऊ नका

गेम काढला म्हणजे सबस्क्रिप्शन बंद झालं असं नाही, हे लय जणांना माहीतच नसतं. मंथली पास घेतलेला असतो, गेम उडवला तरी महिन्याला पैसे कापले जातात. प्ले स्टोअर उघडा, वर कोपऱ्यात आपला फोटो दाबा, पेमेंट्स अँड सबस्क्रिप्शन्स, आणि तिथं बघा काय चालू हाय ते. मग आपल्या यूपीआय ॲपमध्ये जाऊन ऑटोपे किंवा मँडेट्सची, म्हणजे आपोआप पैसे कापायला दिलेल्या परवानग्यांची, यादी पण बघा. यूपीआय ऑटोपे २०२० पासून आलंय आणि आता लहानसहान गोष्टींना सुद्धा लोक सवयीनं हो म्हणून टाकतात. आईबाबांच्या फोनवर पोरं खेळत असतील तर ही यादी बघणं डेटा काढण्यापेक्षा महत्त्वाचं.

पैसे लावून खेळायच्या गेमचं प्रकरण वेगळं. २०२५ च्या ऑनलाइन गेमिंग कायद्यानं, ज्याला २२ ऑगस्ट २०२५ ला राष्ट्रपतींची मंजुरी मिळाली, पैशाच्या गेमवर देशभर बंदी आली आणि रमी, फँटसी वगैरेवाल्यांनी पैशाचे खेळ बंद केले. पण ॲप अजून लोकांच्या फोनमध्ये तसेच पडलेत. ते काढताना आधी वॉलेटमध्ये काही शिल्लक हाय का बघा आणि असली तर काढून घ्या. दुसरं म्हणजे व्यवहारांचं स्टेटमेंट आणि टीडीएसचा कागद डाउनलोड करून ठेवा, कारण १ एप्रिल २०२३ पासून जिंकलेल्या निव्वळ रकमेवर ३० टक्के टीडीएस कापला जात होता आणि रिटर्न भरताना सीए ते विचारणार. ह्या ॲपला केवायसीसाठी पॅन, आधार दिलेलं असतं, म्हणून नुसतं अनइन्स्टॉल न करता अकाउंट बंद करायची विनंती लेखी, ईमेलनं पाठवा आणि तो मेल जपून ठेवा. कर आणि मनी लाँडरिंगच्या नियमांमुळं काही रेकॉर्ड कंपनीला ठेवावंच लागतं, त्यामुळं सगळं पुसलं जाईल अशी आशा धरू नका, पण अकाउंट बंद झालेलं बरं.

क्लाउडवरचं

अँड्रॉइडमध्ये गेमची प्रोग्रेस प्ले गेम्समध्ये सेव्ह होते. फोनच्या सेटिंग्जमध्ये गूगल, मग गूगल ॲप्सची सेटिंग्ज, त्यात प्ले गेम्स, आणि तिथं डिलीट प्ले गेम्स अकाउंट अँड डेटा असं मिळतं. नाव वाचून घाबरू नका, आत गेल्यावर एकेका गेमचा डेटा वेगळा डिलीट करायची सोय हाय. घाईत पूर्ण प्रोफाइल उडवू नका, नाहीतर दुसऱ्या गेमची अचीव्हमेंट पण जाते आणि घरात भांडण लागतंय. फोनप्रमाणं मेनूची नावं थोडी पुढंमागं होतात, नाही सापडलं तर सेटिंग्जच्या वरच्या सर्चमध्ये प्ले गेम्स टाईप करा.

दुसरी जागा गूगल ड्राइव्ह. कॉम्प्युटरवर नाहीतर ब्राउझरमध्ये डेस्कटॉप साइट करून ड्राइव्ह उघडा, गिअरच्या खुणेवर सेटिंग्ज, त्यात मॅनेज ॲप्स. तिथं ॲपसमोर ऑप्शन्स दाबलं की डिलीट हिडन ॲप डेटा येतं. हा डेटा नेहमीच्या फाईलमध्ये दिसतच नाही.

तिसरी म्हणजे ऑटो बॅकअप. अँड्रॉइड ६ पासून फोन प्रत्येक ॲपचा २५ एमबीपर्यंतचा डेटा आपोआप गूगलवर ठेवू शकतो आणि गेम परत टाकला की तो हळूच परत आणतो. एका गेमसाठी अख्ख्या फोनचा बॅकअप उडवायचा उद्योग मी तरी करणार नाही. गेम परत कधी टाकलाच आणि जुनं उगवलं तर पहिल्यांदा उघडायच्या आधी क्लिअर डेटा मारा, काम होतं.

आता फोनच्या आतलं

इथं बटणांचा क्रम सांगतो. सेटिंग्ज, ॲप्स, गेमचं नाव, स्टोरेज. तिथं दोन बटणं दिसतील, क्लिअर कॅशे आणि क्लिअर डेटा, काही फोनात क्लिअर स्टोरेज. कॅशेनं फक्त तात्पुरत्या फाईल जातात. आपल्याला दुसरं पाहिजे, त्यानं लॉगिन, सेटिंग्ज, डाउनलोड केलेले मॅप सगळं जातं. ते दाबा, आकडा खाली आलेला बघा, आणि मग अनइन्स्टॉल करा. अनइन्स्टॉलच्या चौकटीत काही गेमला एवढा एवढा ॲप डेटा ठेवायचा का असा टिकमार्क येतो, अँड्रॉइड १० पासूनची ही सोय हाय, तिथं टिक करायची नाही. आणि शेजारी अर्काइव्ह नावाचं बटण असेल तर ते म्हणजे अनइन्स्टॉल नव्हे, त्यात ॲप बारीक होतं पण तुमचा डेटा राहतो.

हे करूनही जागा मोकळी नाही झाली तर गेमची दुसरी कॉपी कुठं हाय का बघा. ड्युअल ॲप्स, सेकंड स्पेस, सिक्युअर फोल्डर, असली प्रत्येक कंपनीची वेगळी सोय असते आणि त्यात टाकलेला गेम हा फोनच्या दृष्टीनं वेगळ्याच माणसाचा असतो. बाहेरून काढला तरी आतला राहतो. पोरांचा हा आवडता अड्डा हाय, आईवडलांनी तेवढं लक्षात ठेवा.

फोल्डरची भानगड

खरी गंमत इथं हाय. मोठ्या गेमच्या जड फाईल इंटरनल स्टोरेजमधल्या अँड्रॉइड नावाच्या फोल्डरात असतात, त्यात डेटा आणि ओबीबी असे दोन फोल्डर. आत गेमचं नाव नसतं, पॅकेजचं नाव असतं, म्हणजे पबजीचं कॉम डॉट टेन्सेंट डॉट आयजी, बीजीएमआयचं, म्हणजे पबजीच्या भारतातल्या अवताराचं, कॉम डॉट पबजी डॉट आयमोबाईल, असं इंग्रजी अक्षरात. कुठल्या गेमचं कुठलं ते कळत नसेल तर प्ले स्टोअरवर गेम उघडून शेअर दाबा, लिंकमध्ये id= असं दिसतं, त्याच्यानंतर जे असतं तेच फोल्डरचं नाव.

नॉर्मल अनइन्स्टॉल केलं की फोन हे फोल्डर स्वतःच साफ करतो. मग राहतात कुणाचे? तर ज्यांनी हातानं उद्योग केलेत त्यांचे. २ सप्टेंबर २०२० ला पबजी मोबाईलवर बंदी आली, मग जुलै २०२१ मध्ये बीजीएमआय आला, तो पण जुलै २०२२ ला स्टोअरवरून गेला आणि २०२३ मध्ये परत आला, मधे फेब्रुवारी २०२२ मध्ये फ्री फायरवर बंदी. ह्या सगळ्या काळात पोरांनी एपीके (ॲप टाकायची फाईल) आणि ओबीबी एकमेकांच्या फोनातून घेऊन हातानं फोल्डरात टाकले. शिवाय परत दोन जीबी डाउनलोड नको म्हणून गेम काढायच्या आधी ओबीबीच्या फोल्डरचं नाव बदलून ठेवायची युक्ती, शेवटी एक आकडा नाहीतर अक्षर जोडायचं. नाव बदललं की फोनला तो फोल्डर कुणाचा ते कळत नाही, मग फोन तो काढत पण नाही. गेम जाऊन वर्षं झाली तरी जीबीच्या जीबी तिथंच. मेमरी कार्ड बाहेर काढलेलं असताना गेम उडवला तर कार्डावरचं पण असंच राहतं.

अडचण अशी की अँड्रॉइड ११ पासून हे दोन फोल्डर साध्या फाईल मॅनेजरला उघडूच देत नाहीत. काही कंपन्यांच्या स्वतःच्या फाईल ॲपला दिसतात, नाहीतर सोपा मार्ग म्हणजे कॉम्प्युटर. डेटा केबल लावा, चार्जिंगची जी वायर नुसती चार्ज करते ती नको, फोनवर नोटिफिकेशन येतं त्यात फाईल ट्रान्स्फर निवडा, मग विंडोजमध्ये फोन उघडून इंटरनल स्टोरेज, अँड्रॉइड, ओबीबी आणि डेटा दोन्ही बघा. कॉम्प्युटर नसेल आणि फोल्डरचं नाव बदललेलं नसेल तर तोच गेम प्ले स्टोअरवरून परत टाका, न उघडता क्लिअर डेटा करा आणि परत काढा, फोन आपला आपण झाडून घेतो.

एक धोक्याची सूचना, ही मोठ्यानं वाचा. अख्खा अँड्रॉइड फोल्डर सिलेक्ट करून डिलीट मारू नका. त्याच्यातच मीडिया नावाचा फोल्डर असतो आणि नव्या फोनांत व्हॉट्सॲपचे फोटो, व्हिडिओ, चॅटचा लोकल बॅकअप सगळं तिथंच हाय. २०१९ च्या महापुरात घराच्या कितव्या पायरीला पाणी होतं त्याचे व्हिडिओ, पावण्यांच्या लग्नाचे फोटो, गेमच्या नादात सगळं एका झटक्यात जाईल. पॅकेजचं नाव बघून एकेक फोल्डरच उडवा, ज्याचं नाव ओळखता येत नाही त्याला हात लावायचा नाही.

लपलेलं बाकी सामान

जागा खाणारा खरा गडी बऱ्याचदा गेम नसतोच, स्क्रीन रेकॉर्डिंग असतं. पबजी जिंकल्यावरच्या चिकन डिनरचं रेकॉर्डिंग, फुटबॉल गेममधला गोल, हे सगळं मूव्हीज, डीसीआयएम नाहीतर स्क्रीन रेकॉर्डिंग्ज फोल्डरात पडून असतं आणि गेमबरोबर जात नाही. आपल्या गावात तर फुटबॉलचा नाद काय सांगायचा, शाहू स्टेडियमवरच्या खऱ्या मॅचचे व्हिडिओ आणि गेममधले व्हिडिओ एकाच गॅलरीत मिसळलेले असतात, तेव्हा सगळे सिलेक्ट करून उडवायच्या आधी जरा सावकाश बघा. साईझप्रमाणं लावून घेतलं की मोठे व्हिडिओ वर येतात.

मग डाउनलोड्स फोल्डर. एपीके, झिप, एकाच फाईलच्या कॉपी एक दोन तीन. इन्स्टॉल झालं की एपीकेचं काही काम नसतं, उडवा. आणि हे सगळं डिलीट केल्यावर ट्रॅश रिकामा करा, गॅलरीचा वेगळा आणि फाईल ॲपचा वेगळा. बहुतेक ठिकाणी डिलीट केलेलं ३० दिवस ट्रॅशमध्ये राहतं, तोपर्यंत जागा काही मोकळी होत नाही, आणि लोक म्हणतात डिलीट करून पण फरक पडंना.

मॉड एपीके, म्हणजे कुणीतरी फेरफार केलेला गेम टाकला असेल, फुकट यूसी, फुकट डायमंड असले गेममधले पैसे देतो म्हणणारा, तर थोडं जास्त बघावं लागतं. सेटिंग्जच्या सर्चमध्ये डिव्हाइस ॲडमिन टाईप करा, तिथं असलं काही चालू दिसलं तर आधी बंद करा, नाहीतर अनइन्स्टॉल होतच नाही. ॲक्सेसिबिलिटी, डिस्प्ले ओव्हर अदर ॲप्स आणि व्हीपीएन ह्या तीन जागा पण बघा. हे चीटवाले ॲप ज्या गूगल अकाउंटच्या फोनवर चालले त्याचा पासवर्ड बदलून घ्या. गेम जाऊन पण त्याच्या जाहिराती नोटिफिकेशनमध्ये येत असतील तर बहुतेक त्या क्रोममधून येतात, कुठल्यातरी साइटला अलाऊ म्हटलेलं असतं. क्रोमच्या साइट सेटिंग्जमध्ये नोटिफिकेशन्स उघडून त्या साइटला ब्लॉक करा.

क्लीनर नावाचे ॲप मात्र टाकू नका. दुसऱ्या ॲपच्या खासगी डेटाला त्यांना हातच लावता येत नाही, मग करणार काय, जाहिराती दाखवणार. एक कचरा काढायला दुसरा आणायचा, कुणी सांगितलंय.

आयफोनवाल्यांसाठी थोडक्यात

सेटिंग्ज, जनरल, आयफोन स्टोरेज, गेमचं नाव. इथं ऑफलोड ॲप आणि डिलीट ॲप असे दोन पर्याय. ऑफलोडनं डेटा राहतो, आपल्याला डिलीट पाहिजे. मग वर आपलं नाव, आयक्लाउड, स्टोरेज मॅनेज करायच्या यादीत गेम दिसला तर तिथला डेटा वेगळा काढा, कारण फोनवरून डिलीट केलं तरी तो राहतो. साइन इन विथ ॲपल वापरलं असेल तर ते पण त्याच नावाखालच्या सेटिंग्जमधून थांबवा, सबस्क्रिप्शन्स तिथंच हाय. आणि सगळं करून गेम परत टाकला की जुनं गेस्ट अकाउंट ओळखलं तर दचकू नका, आयफोनच्या कीचेनमध्ये, म्हणजे पासवर्ड ठेवायच्या तिजोरीत, ठेवलेली ओळख ॲप काढलं तरी राहू शकते. म्हणून तर अकाउंट आधी डिलीट करा म्हणून सुरुवातीपासून सांगालोय.

फोनच विकायचा असेल

मग हे एकेक करत बसायची गरज नाही. गेमची अकाउंट आणि पैशाचं तेवढं वर सांगितल्यासारखं निपटा, फोटो दुसरीकडं घ्या, आणि फॅक्टरी रिसेट. पण रिसेटच्या आधी गूगल अकाउंट सेटिंग्जमधून काढा, आयफोन असेल तर फाइंड माय बंद करा, नाहीतर घेणाऱ्याला फोन चालू करताना तुमचाच पासवर्ड मागणार आणि तो माणूस तासाभरात तुमच्या दारात. हल्लीच्या फोनमध्ये डेटा एन्क्रिप्ट केलेला, म्हणजे कुलूपबंद असतो, रिसेटनं चावीच जाते, त्यामुळं परत कुणी काढंल ही भीती फारशी नाही. मेमरी कार्ड मात्र रिसेटमध्ये आपोआप पुसलं जाईल असं धरू नका, ते सिमबरोबर काढून घ्या आणि मगच फोन काऊंटरवर ठेवा.